डेव्हिड अब्राहम चेऊलकर यांच्यासाठी एक भिंत: ठाणे महानगरपालिकेला खुले पत्र

प्रति,
मा. आयुक्त आणि सांस्कृतिक विभाग,
ठाणे महानगरपालिका

सप्रेम नमस्कार.

शहरातल्या एखाद्या नाट्यगृहाच्या प्रवेशदालनात बारा फूट लांब आणि आठ फूट उंच एवढी भिंत हिंदी चित्रपट-अभिनेते डेव्हिड अब्राहम चेऊलकर यांच्या कामासाठी राखून ठेवावी, अशी आमची मागणी आहे. पुतळा नको, चौकाचे नामकरण नको. हार घातलेली तसबीर आणि खाली चित्रपटांची यादी, असेही करू नये. साहाय्यक भूमिका म्हणजे नेमके कोणते काम असते हे येणाऱ्याला उभ्या उभ्या वीस मिनिटांत कळावे, अशी ती भिंत हवी. ती कशी उभारायची आणि अशा कामात कुठे चुका होतात, ते पुढे लिहिले आहे.

पडद्यावर त्यांचे नाव नुसते 'डेव्हिड' असे येई. बुटकी, गोल अंगकाठी, तुळतुळीत टक्कल, मिस्कील डोळे. चेहरा सगळ्यांना माहीत, पूर्ण नाव फार थोड्यांना. हा माणूस ठाण्यात जन्मलेला, मराठी बोलणाऱ्या बेने इस्रायल या ज्यू समाजातला. टेंभी नाक्याचे शार हशामाईम सिनेगॉग १८७९ सालचे, म्हणजे त्यांच्या जन्माच्या वेळी ते जुने झालेले होते. (ही मंडळी सिनेगॉगला मराठीत 'मशीद'च म्हणत.) समाजाची आडनावे कुलाब्याच्या (आजच्या रायगड जिल्ह्याच्या) किनाऱ्यावरच्या गावांवरून पडलेली, आणि चेऊलकर हे चौलवरून. नावाची घडण आपल्यासारखीच: स्वतःचे नाव, वडिलांचे नाव, आडनाव. तेव्हा 'अब्राहम' हे आडनाव नव्हे. 'डेव्हिड अब्राहम' एवढेच लिहून थांबणे म्हणजे एखाद्याला 'रमेश विठ्ठल' म्हणून सोडून देणे. फलकावर तिन्ही नावे यावीत आणि सूचीत 'चेऊलकर, डेव्हिड अब्राहम' अशी मुख्य नोंद करून 'डेव्हिड', 'डेविड' आणि 'अब्राहम, डेव्हिड' यांखालून तिकडे निर्देश द्यावा. १९३१ चा 'आलम आरा' ज्यांच्या नाटकावर बेतला ते जोसेफ डेव्हिड ही वेगळी व्यक्ती. एकशब्दी नावामुळे या दोघांच्या नोंदी एकमेकांत मिसळतात, तेवढे पाहावे.

आता जन्मतारखेबद्दल. २१ जून हा दिवस सगळीकडे सारखा मिळतो, पण वर्ष काही ठिकाणी १९०८ छापलेले आहे आणि काही ठिकाणी १९०९. दगडावर कोरण्याआधी हे मिटवायला हवे, आणि त्याची साधने तुमच्याच हाताशी आहेत. महापालिका १९८२ ची असली तरी ठाणे नगरपालिका १८६३ पासूनची आहे. जन्मनोंदीची जुनी वही उघडायची तर एक वर्ष मागे आणि एक वर्ष पुढे धरून पाहावी, कारण नोंद उशिरा होण्याची चाल तेव्हा सर्रास होती. नोंद मोडी लिपीत असू शकते, म्हणून मोडी वाचणारा माणूस बरोबर हवा. बाळाचे नाव लिहिलेले नसले तर वडिलांच्या नावावरून शोधावे. वहीत काही सापडले नाही तर शाळा सोडल्याचा दाखला आणि समाजाच्या नोंदी पाहाव्यात. एवढे करूनही वर्ष ठरले नाही, तर फलकावर फक्त 'जन्म: ठाणे' लिहावे. चुकीचे वर्ष एकदा सरकारी फलकावर चढले की पुढची पन्नास वर्षे तेच पुरावा म्हणून दाखवले जाते.

कारकिर्दीचा आराखडा थोडक्यात असा. विल्सन कॉलेजचे पदवीधर, पुढे कायद्याची पदवी. १९४१ च्या बॉम्बे टॉकीजच्या 'नया संसार'पासून नाव नजरेत भरू लागले. १९५४ मध्ये 'बूट पॉलिश'. फिल्मफेअर पुरस्कारांच्या पहिल्या वर्षी साहाय्यक अभिनेत्यासाठी गटच नव्हता. तो दुसऱ्या वर्षी, १९५५ मध्ये सुरू झाला आणि पहिलाच पुरस्कार जॉन चाचाच्या भूमिकेसाठी डेव्हिड यांना मिळाला. १९६९ मध्ये पद्मश्री. समारंभांचे सूत्रसंचालक म्हणूनही ते नावाजलेले. सत्तरच्या दशकात हृषीकेश मुखर्जी आणि बासू चटर्जी यांचे चित्रपट. चाळीस वर्षांत शंभराहून अधिक चित्रपट आणि शेवट टोरांटोत.

नायकाची कारकीर्द चित्रपटांच्या नावांनी सांगून भागते, कारण चित्रपट म्हणजेच त्याची भूमिका. साहाय्यक नटाच्या बाबतीत शंभर नावे छापली तरी त्याने काय केले हे वाचणाऱ्याला कळत नाही. एका चित्रपटात तो पाच प्रसंगांत असतो, दुसऱ्यात एकाच. म्हणून भिंतीवर चित्रपट मोजू नयेत, प्रसंग दाखवावेत. चार पुरेत.

पहिला अर्थातच 'बूट पॉलिश'. निर्मिती राज कपूर यांची, दिग्दर्शन प्रकाश अरोरा यांचे. काळ दारूबंदीचा, मुंबई प्रांताचा दारूबंदी कायदा १९४९ चा. जॉन चाचा पायाने अधू आहे, चोरून दारू विकतो आणि भीक मागायला लावलेल्या दोन पोरक्या भावंडांना हात पसरू नका, काम करा, असे बजावतो. भूमिकेची सगळी अडचण इथेच आहे. कायदा मोडणारा माणूस नीती शिकवतो आहे. सूर उपदेशाचा लागला तर तो ढोंगी वाटेल, थट्टेचा लागला तर त्याचे म्हणणे हवेत विरेल. डेव्हिड यांनी मुलांवरची माया पुढे ठेवली आणि उपदेश तिच्या आडून येऊ दिला, म्हणून पात्र तोल धरून राहते. पुढे चाचा पकडला जातो आणि मुले उघडी पडतात. तिथून कथेला बळ मिळते ते त्याच्या नसण्याने. आधीच्या प्रसंगांत त्याने जीव लावला नसता तर हे नसणे कोणाला जाणवले नसते. दुय्यम भूमिका पडद्यावरच्या मिनिटांत मोजू नये, असे आम्ही म्हणतो ते यासाठी.

याच भूमिकेत आणखी एक गोष्ट आहे, ती दाखवायलाच हवी. मुलांना मुठीत काय आहे असे विचारणाऱ्या गाण्यात जॉन चाचाचा आवाज महंमद रफींचा आहे, तर तुरुंगात टकल्या कैद्यांबरोबर पावसाला बोलावणाऱ्या गाण्यात मन्ना डे यांचा. एकच पात्र, दोन गळे, आणि बोलताना तिसरा, स्वतःचा. तरी माणूस एकच वाटतो. ओठ जुळवण्यापुरते हे काम नाही. श्वास कुठे घ्यायचा, ओळ संपल्यावर चेहरा कुठे न्यायचा, हे दोन वेगळ्या गायकांच्या लकबींप्रमाणे बदलून पात्र मात्र बदलू द्यायचे नाही. भिंतीवरच्या पडद्यावर ही दोन गाणी आणि मधला एक बोलता प्रसंग ओळीने लावले की वेगळे सांगावे लागणार नाही.

दुसरा प्रसंग 'अभिमान' (१९७३) मधला. लग्नाच्या स्वागतसमारंभात नवरा-बायको गातात. ऐकणाऱ्यांतले ब्रजेश्वरलाल (डेव्हिड) ओळखतात की बायकोचा गळा सरस आहे, आणि पुढे काय वाढून ठेवले आहे त्याची चाहूल देतात. उरलेला सगळा चित्रपट या निदानावर उभा आहे. हे वाक्य जाणकाराच्या तोंडचे वाटले नाही तर पुढचा मत्सर लेखकाने लादलेला वाटतो. विश्वास बसवायला नटाला वेळ किती? दोनचार मिनिटे. तेवढ्यात ऐकणारा माणूस उभा करायचा. ऐकण्याचा अभिनय बोलण्याच्या अभिनयापेक्षा अवघड असतो, आणि नाट्यगृहात येणाऱ्या आपल्या नवशिक्या नटांनी हा तुकडा पुन्हापुन्हा पाहावा असे आम्हाला मनापासून वाटते.

तिसरा 'गोलमाल' (१९७९) मधला. डॉ. केदार हे रामप्रसादचे मामा. भवानीशंकरच्या कचेरीत जागा आहे, पण त्याला मिशी हवी, खेळांचे वेड नको, कपडे साधे हवेत, हे सगळे त्यांनी सांगायचे. पटकथेच्या दृष्टीने ही निव्वळ माहिती. असे प्रसंग पडतात ते नट माहिती वाचून दाखवल्यासारखी देतो म्हणून. डेव्हिड ती मित्राच्या विक्षिप्तपणाची हौसेने केलेली चहाडी करून टाकतात, आणि प्रेक्षक प्रत्येक अट लक्षात ठेवतो. पुढचे सगळे विनोद त्या लक्षात ठेवण्यावर चालतात.

चौथा त्याच वर्षीचा 'बातों बातों में'. बांद्र्याहून चर्चगेटला जाणाऱ्या सकाळच्या लोकलमध्ये जोडी जमवणारे अंकल टॉम. मराठी घरातला बेने इस्रायल नट इथे बांद्र्याचा ख्रिस्ती म्हातारा झाला आहे. 'चुपके चुपके'त तोच हरिपद भैया होता. तेव्हाच्या हिंदी चित्रपटांत ख्रिस्ती माणूस म्हटले की मोडके हिंदी आणि हातात बाटली, हे ठरून गेलेले. त्या साच्यात राहून साच्याचे हसे न करता माणूस दाखवणे डेव्हिड यांना १९५४ मध्येही जमले आणि पंचवीस वर्षांनीही. एका टोकाला जॉन चाचा आणि दुसऱ्या टोकाला अंकल टॉम असे भिंतीवर मांडता येईल.

चित्रफितींसाठी बत्तीस इंची एक पडदा पुरे. प्रत्येक तुकडा तीन मिनिटांच्या आत, मध्ये पाच सेकंद काळा पडदा, त्यावर चित्रपट, वर्ष आणि पात्राचे नाव. आवाज दालनात सोडू नये. मध्यंतरात काहीही ऐकू येत नाही आणि प्रयोग चालू असताना आत त्रास होतो. कानाला लावायचे दोन रिसीव्हर तारेने बांधून ठेवावेत. वीज जाऊन आली की आपोआप चालू होणारा प्लेअर घ्यावा, नाहीतर महिनाभरात निळा पडदा दिसत राहतो आणि रिमोट कोणाकडे आहे हे कोणालाच ठाऊक नसते. सर्वात मोठी चूक होते ती चित्राच्या आकारात. 'बूट पॉलिश'ची चौकट १.३७ ला १ अशी, आणि आजचे टीव्ही १.७८ ला १. टीव्ही आपल्या मनाने चित्र ताणतो, म्हणजे माणसे सुमारे तीस टक्के रुंद होतात. आधीच बुटक्या, गोल नटाच्या बाबतीत हा सरळ अन्याय आहे. 'झूम' केले तर डोक्याचा वरचा भाग कापला जातो. टीव्हीच्या सेटिंगमध्ये मूळ आकार निवडून तो कुलूपबंद करावा, दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या राहू द्याव्यात.

तुकडे कोणत्या प्रतीतून घेतले, याची नोंद हवी. टीव्हीसाठी किंवा व्हिडिओसाठी चित्रपट आखूड करताना नायक-नायिका आणि गाणी ठेवून कात्री लागते ती साहाय्यक पात्रांच्या प्रसंगांना. म्हणून हातातली प्रत पूर्ण आहे का ते आधी तपासावे. सेन्सॉर प्रमाणपत्रावर लांबी दिलेली असते. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी, सेकंदाला २४ चौकटी, म्हणजे मिनिटाला ९० फूट. हजार फुटांचे रीळ साधारण अकरा मिनिटांचे. १३,५०० फूट लिहिले असेल तर चित्रपट १५० मिनिटांचा. डीव्हीडीवर तो १४४ मिनिटांचा दिसला तर लगेच कापाकापीचा ठपका ठेवू नये. आपल्याकडच्या 'पाल' (PAL) या टीव्ही-पद्धतीत सेकंदाला २५ चौकटी धावतात, त्यामुळे चार टक्के वेळ कमी भरतो आणि आवाजही किंचित चढा येतो. तो हिशेब वजा करून मग तूट मोजावी. पूर्ण प्रतीसाठी पहिला पत्ता पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, स्थापना १९६४.

प्रत्येक चित्रपटाचे एक कार्ड करावे: वर्ष, दिग्दर्शक, श्रेयनामावलीत नाव जसे छापले तसे, पात्राचे नाव व व्यवसाय, पहिला प्रवेश आणि शेवटचे दर्शन यांची मिनिटे, प्रसंगांची संख्या, गाणे असल्यास पार्श्वगायक, आणि पाहिलेली प्रत. प्रत न पाहता कार्ड भरू नये. गाण्यांच्या पुस्तिकांवरून तर मुळीच नाही. त्या प्रदर्शनाआधी छापल्या जात, त्यामुळे ऐनवेळी बदललेला नट किंवा कापलेली भूमिका त्यांत तशीच राहते. पुस्तिका पूरक पुरावा म्हणून ठेवाव्यात.

त्या पुस्तिका, लॉबी कार्डे (चित्रपटगृहात लावायची छापील चित्रे) आणि पोस्टर हाच भिंतीचा दुसरा भाग. ठाणे-मुंबईच्या घरांमध्ये अशी चीजवस्तू अजून माळ्यावर असते आणि आवाहन केल्यास लोक देतात. पण घेताना पावती द्यावी आणि तीवर 'भेट' की 'उसनी' हे स्पष्ट लिहावे. भांडणे नेहमी इथूनच उद्भवतात. कागद स्वस्तातला, आम्लयुक्त, पिवळा पडून कडांना तुटणारा. त्याचे लॅमिनेशन करू नये, हे आम्ही हात जोडून सांगतो. उष्णतेने चिकटलेले प्लास्टिक पुन्हा निघत नाही आणि आत कागद तसाच जळत राहतो. सेलोटेपही नको. गंजलेल्या पिना बोथट सुरीने टोके सरळ करून काढाव्यात, ओढू नयेत. प्रत्येक पुस्तिका आम्लमुक्त कागदाच्या घडीत, आडवी, पेटीत. खोलीची आर्द्रता पन्नास टक्क्यांच्या आसपास ठेवता आली तर उत्तम. ठाण्याच्या पावसाळ्यात बाहेर ती ऐंशीच्या वर असते, म्हणून जून ते सप्टेंबर पेट्या तळघरात किंवा बाहेरच्या भिंतीला टेकून ठेवू नयेत. डांबरगोळ्या कागदावर टाकू नयेत. कसर आणि वाळवी यांच्यासाठी दर महिन्याला पेटी उघडून पाहणे हाच खरा उपाय.

भिंतीवर मूळ कागद लावूच नये, हुबेहूब प्रती लावाव्यात. स्कॅन ६०० डीपीआय (इंचाला ६०० ठिपके), रंगीत, टिफ या फाइल-स्वरूपात. ए-फाइव्ह आकाराचे पान साधारण ५२ एमबीचे होते, सोळा पानांची पुस्तिका ८३० एमबीच्या घरात. काळ्या-पांढऱ्यात स्कॅन करून जागा वाचवू नये, शाईचा रंग आणि डागसुद्धा काळ ओळखायला उपयोगी पडतात. तीन प्रती, दोन वेगळ्या साधनांवर, त्यांतली एक दुसऱ्या इमारतीत. शहरात १८९३ पासूनचे मराठी ग्रंथसंग्रहालय आहे. तिसऱ्या प्रतीसाठी त्यांना विचारता येईल. चौकटी भिंतीपासून इंचभर पुढे, म्हणजे ओल आली तरी मागून वारा खेळतो. काच आणि कागद यांच्यात माउंटची पट्टी हवी, एरवी दमट हवेत कागद काचेला चिकटतो.

हक्कांची बाब शेवटासाठी ठेवू नये, कारण तिथे काम अडकते. आपल्या कायद्यात चित्रपटाचा स्वामित्वहक्क प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून साठ वर्षे. 'बूट पॉलिश'ची मुदत २०१४ अखेर संपली. 'अभिमान'ची २०३३ अखेर आणि १९७९ च्या दोन्ही चित्रपटांची २०३९ अखेर संपेल. पण गाण्याचे शब्द आणि संगीत यांची मुदत कवी किंवा संगीतकाराच्या मृत्यूनंतर साठ वर्षे. मुठीच्या गाण्याचे कवी शैलेंद्र १९६६ मध्ये गेले, म्हणजे शब्द २०२६ अखेरपर्यंत संरक्षित. शंकर-जयकिशन यांपैकी शंकर १९८७ पर्यंत होते, तेव्हा चालीचा हक्क २०४७ पर्यंत. म्हणून चित्रपट मोकळा झाला तरी गाण्याचा तुकडा सार्वजनिक जागी लावायला लेखी परवानगी लागते. चार पत्रे लिहावी लागतील, प्रत्येकात तुकड्याची नेमकी मिनिटे, जागा, मुदत आणि 'तिकीट नाही' हे लिहावे. मोघम पत्राला उत्तर येत नाही. उत्तर येईपर्यंत गाण्यांच्या जागी बोलते प्रसंग आणि छापील मजकूर यांवर भिंत सुरू करता येते.

भिंत एकट्या डेव्हिड यांच्यापुरती कायमची अडवावी असे आमचे म्हणणे नाही. त्यांची जागा कायम ठेवून उरलेली चार फूट दर सहा महिन्यांनी बदलावी: 'कानून' आणि 'शहर और सपना' यांसाठी दोनदा फिल्मफेअर मिळवणारे नाना पळशीकर, 'अनाडी'च्या ललिता पवार, आणि मराठी पडद्यावरचे धुमाळ, शरद तळवलकर. कार्डांची पद्धत एकदा बसली की पुढच्या प्रत्येकाला तीच लागू पडते.

या कामासाठी महापालिकेकडून आम्हाला मानधन नको. कार्डांचा नमुना, स्कॅनिंगची पद्धत लिहून दिलेली टिपणे आणि मोडी वाचू शकणारी दोन माणसे आम्ही देऊ. महापालिकेने भिंत, वीज, पडदा, पेट्या आणि जबाबदार म्हणून नेमलेला एक कर्मचारी द्यावा, ज्याच्याकडे रिमोट आणि पेट्यांच्या किल्ल्या असतील. जन्मनोंदीची वही पाहण्याची परवानगी मात्र सर्वांत आधी हवी. पावसाळ्यापूर्वी मिळाली तर बरे, ओल्या हवेत त्या वह्या उघडणे धोक्याचे.

आपले,
ठाण्यातील काही चित्रपट-अभ्यासक व संग्राहक